मुद्देमालात अडकलेला पासपोर्ट

फौजदारी खटल्यात पोलीस ज्या वस्तू जप्त करतात त्या बहुतेक काही ना काही बोलतात. कोयत्यावर रक्ताचे डाग असतात, हिशेबाच्या वहीत खाडाखोड असते, मोबाइलमध्ये संदेश असतात. पासपोर्ट बहुतेक खटल्यांत मुकाच राहतो. बनावट पासपोर्टाचा किंवा खोट्या व्हिसाचा गुन्हा सोडला तर त्याच्या पानांत आरोप सिद्ध करणारे काही सापडत नाही. तरीही झडतीत तो हाती लागला की पंचनाम्यात येतो आणि सीलबंद पाकिटातून मुद्देमाल कक्षात जातो. झडतीत सापडला नाही तर जामिनाची अट म्हणून तपास अधिकाऱ्याकडे किंवा न्यायालयात जमा होतो. माणूस पळू नये, एवढ्यासाठी तो ठेवलेला असतो, आणि हा हेतू वावगा नाही. पण अशा रीतीने ठेवलेला पासपोर्ट परत कधी द्यायचा, याचा हिशेब कोणी ठेवत नाही. गेल्या सहा दशकांत आपल्या कायद्याने दोन प्रश्नांची उत्तरे मोठ्या कष्टाने मिळवली: पासपोर्ट रोखण्याचा अधिकार कोणाचा, आणि त्यासाठी कारण द्यावे लागते की नाही. तिसरा प्रश्न, किती दिवस, तसाच राहिला. माझे म्हणणे असे की तो तिसरा प्रश्न सोडवल्याशिवाय पहिल्या दोन उत्तरांना आरोपीच्या आयुष्यात फारसा अर्थ उरत नाही. म्हणून खटला चालू असताना पासपोर्ट परत देणे हा नियम असावा. ठेवून घ्यायचा असेल तर त्यासाठी कारणांसह आणि मुदतीसह आदेश निघावा.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर किती उशिरा मिळाले ते समजण्यासाठी थोडे मागे जायला हवे. हिंदुस्थानातून बाहेर जाणाऱ्या सामान्य माणसाला पासपोर्टाची सक्ती पहिल्या महायुद्धाच्या काळात सुरू झाली, आणि तीही भारत संरक्षण कायद्याच्या आधाराने, म्हणजे युद्धकाळातल्या संशयाच्या पोटी. युद्ध संपले, पण व्यवस्था उरली. १९२० साली जो पासपोर्ट कायदा आला तो देशात येणाऱ्यांबद्दल होता. देशाबाहेर जाण्यासाठी पासपोर्ट हवाच, असे सांगणारा कायदा त्यानंतरही कितीतरी वर्षे नव्हता. प्रत्यक्षात मात्र पासपोर्टाशिवाय कोणी बोटीवर किंवा विमानात घेत नसे, परका देश उतरू देत नसे, आणि परत येताना आपलाच देश अडवू शकत असे. अशा रीतीने बाहेर जाण्याचा सगळा मार्ग एका कागदावर अवलंबून राहिला, आणि तो कागद द्यायचा, नाकारायचा की परत मागायचा हे सरकारच्या मर्जीवर. स्वातंत्र्यानंतर, राज्यघटना अमलात आल्यावरही, सतरा वर्षे हेच चालले. पासपोर्ट नाकारल्याबद्दल दाद मागायला अपील नव्हते, कारण विचारायची सोय नव्हती, आणि अमुक कारणांसाठीच नाकारता येईल असे सांगणारा एकही नियम नव्हता.

या मर्जीला निर्णायक धक्का बसला तो एका आरोपीमुळेच, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे. सतवंतसिंग साहनी हे आयात-निर्यातीचा व्यवसाय करणारे गृहस्थ. आयात परवान्याच्या अटी मोडल्याच्या संशयावरून त्यांची चौकशी चालू होती, आणि ते परदेशात निघून जातील अशी भीती सरकारला वाटत होती. १९६६ साली त्यांना पासपोर्ट परत करा असे पत्र आले. ते सर्वोच्च न्यायालयात गेले. १० एप्रिल १९६७ रोजी घटनापीठाने तीन विरुद्ध दोन अशा मताने निकाल दिला. बहुमताचा निकाल सरन्यायाधीश कोका सुब्बा राव यांचा. परदेशी जाण्याचा हक्क हा अनुच्छेद २१ मधल्या व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे आणि तो हिरावून घ्यायचा तर कायदा लागेल, अधिकाऱ्याचे पत्र पुरणार नाही, असे त्यांनी ठरवले. मार्गदर्शक नियमांशिवायची मर्जी समानतेच्या हक्कालाही बाधा आणते, हेही त्यात आले. दुसऱ्याच दिवशी राष्ट्रपतिपदाची निवडणूक लढवण्यासाठी त्यांनी सरन्यायाधीशपद सोडले. हा विचार काही एकट्या सुब्बा रावांचा नव्हता. मुंबई उच्च न्यायालयात न्या. वि. म. तारकुंडे यांनी त्याआधीच असाच कौल दिला होता. म्हैसूर आणि केरळ उच्च न्यायालयांचे मतही त्याच बाजूचे होते, दिल्लीचे मात्र विरोधात. पुढे नागरी स्वातंत्र्याच्या चळवळीत तारकुंडे यांचे नाव जिव्हाळ्याने घेतले गेले, पण न्यायाधीश म्हणून त्यांनी केलेले हे काम मराठी वाचकांच्या फारसे स्मरणात नाही. ते असायला हवे.

अल्पमतात न्या. हिदायतुल्ला आणि न्या. बचावत होते. त्यांचा युक्तिवाद आजही पासपोर्ट परत देण्याला विरोध करणाऱ्यांच्या तोंडी असतो. पासपोर्ट हा राज्याने परक्या राज्याला उद्देशून दिलेला दस्तऐवज आहे, तो राज्याच्या मालकीचा आहे, नागरिकाला तो हक्काने मागता येत नाही, असा त्याचा गाभा. यातला मालकीचा मुद्दा खरा आहे. आजच्या कायद्याच्या कलम १७ मध्ये तो स्पष्ट लिहिला आहे: पासपोर्ट नेहमी केंद्र सरकारच्याच मालकीचा राहतो. पण या मालकीतून पोलीस ठाण्याच्या कपाटात तो ठेवून घेण्याचा अधिकार कसा निघतो? उलट तो केंद्र सरकारचा असेल, तर केंद्राने ज्या अधिकाऱ्याला त्यासाठी नेमले त्याच्याखेरीज इतरांनी तो अडवून ठेवणे अधिकच गैर ठरते. मालकी सरकारची आणि वापर नागरिकाचा, ही व्यवस्था पासपोर्ट अधिकारी आणि धारक यांच्यातली आहे. फौजदार त्यात कुठेच बसत नाही.

निकालानंतर महिना उलटायच्या आत, ५ मे १९६७ रोजी, वटहुकूम निघाला आणि जूनमध्ये पासपोर्ट कायदा संमत झाला. मर्जीच्या जागी कलमे आली. पासपोर्ट कोणत्या कारणांनी नाकारता येईल हे कलम ६ मध्ये, आणि दिलेला पासपोर्ट कोणत्या कारणांनी रोखता किंवा रद्द करता येईल हे कलम १० मध्ये. रोखण्याचा आदेश दिला तर कारणे लिहून ठेवायची, मागितल्यास प्रत द्यायची (देशाची सुरक्षा वगैरे अपवाद सोडून), आणि कलम ११ खाली अपिलाची सोय. आता आरोपीच्या दृष्टीने ही दोन कलमे शेजारी ठेवून वाचावीत. फौजदारी न्यायालयात कारवाई प्रलंबित असेल तर आहे तो पासपोर्ट अधिकारी रोखू ‘शकतो’, म्हणजे त्याने विचार करून ठरवायचे. पण त्याच प्रलंबित कारवाईच्या कारणावरून नवा पासपोर्ट मागणाऱ्याला तो नाकारणे अधिकाऱ्याला भागच आहे, तिथे विवेकाला जागा नाही. एकाच कारणाचे हे दोन वेगळे परिणाम आहेत, आणि त्यांच्यामध्ये फरक आहे तो फक्त पासपोर्टाची मुदत संपली की नाही याचा. नूतनीकरणाचा अर्ज पासपोर्ट कार्यालये नव्या अर्जासारखाच तपासतात. म्हणजे सीलबंद पाकिटात नुसता पडून राहून, कोणी काही न ठरवता, आरोपीचा पासपोर्ट सौम्य कलमाच्या कक्षेतून कठोर कलमाच्या कक्षेत जातो. काळ हाच इथे शिक्षा देणारा ठरतो. संसदेने असे ठरवून केले असेल असे मला वाटत नाही. १९६७ साली खटले आणि पासपोर्ट यांच्या आयुष्यांची अशी शर्यत लागेल, हे बहुधा कोणाच्या डोळ्यांसमोर नसावे.

कारण द्यावे लागते का, या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर १९७८ साली मिळाले, आणि ते घटनात्मक कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला पाठ असते. जुलै १९७७ मध्ये मेनका गांधी यांना सात दिवसांत पासपोर्ट जमा करा असे कळवण्यात आले. कारण विचारले तर, सर्वसामान्य जनतेच्या हितासाठी कारण सांगता येत नाही, असे उत्तर आले. चौकशी आयोगापुढे त्यांची गरज लागेल, हे सरकारचे म्हणणे नंतर न्यायालयात उघड झाले. त्यांच्यावर त्या पासपोर्टाच्या संदर्भात कोणताही खटला नव्हता, म्हणून हे प्रकरण आपल्या विषयापासून थोडे बाजूला वाटेल. पण २५ जानेवारी १९७८च्या निकालाने जो दंडक घातला तो आरोपींनाही लागू पडतो: स्वातंत्र्य हिरावणारी पद्धत न्याय्य, वाजवी हवी, आणि माणसाचे म्हणणे ऐकून घेतलेच पाहिजे. सात न्यायाधीशांच्या त्या पीठावर पुण्याचे यशवंत विष्णू चंद्रचूड होते. सरकारतर्फे महान्यायवादी एस. व्ही. गुप्ते यांनी, अर्जदारांचे म्हणणे ऐकून लवकर निर्णय करू, आणि तो विरोधात गेला तरी पासपोर्ट सहा महिन्यांहून अधिक काळ रोखणार नाही, अशी हमी दिली. या निकालाच्या गौरवात एक गोष्ट झाकली जाते. इतक्या मोठ्या तत्त्वाचा जय झाला, तरी पासपोर्ट त्या दिवशी परत मिळाला नाही. तो पुढील आदेशापर्यंत सर्वोच्च न्यायालयाच्या निबंधकांकडेच राहील, असे निकालाच्या अखेरीस म्हटले आहे. तत्त्व मिळणे आणि वस्तू हातात पडणे यांत केवढे अंतर असते, याचा याहून ठळक दाखला आपल्या न्यायेतिहासात क्वचितच सापडेल. त्या हमीतली सहा महिन्यांची मर्यादा मला त्या निकालातल्या गाजलेल्या उताऱ्यांइतकीच मोलाची वाटते, कारण ‘किती दिवस’ या प्रश्नाला तिथे, हमीच्या रूपाने का होईना, आकड्यात उत्तर मिळाले होते. पुढे कोणी तो धागा पकडला नाही.

आरोपींचा थेट प्रश्न २००८ साली सुटला. ब्रिटनमध्ये दीर्घकाळ राहणाऱ्या सुरेश नंदा यांच्या दिल्लीतल्या जागेवर ऑक्टोबर २००६ मध्ये केंद्रीय अन्वेषण विभागाने झडती घेतली आणि पासपोर्ट ताब्यात घेतला. विशेष न्यायाधीशांनी तो थोड्या दिवसांसाठी द्यायला सांगितले, दिल्ली उच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आले. २४ जानेवारी २००८ रोजी न्या. मार्कंडेय काटजू यांनी लिहिलेल्या निकालाने हा गुंता सोडवला. तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०२ खाली पोलीस पासपोर्ट जप्त करू शकतात, पण जप्त केलेला पासपोर्ट रोखून ठेवणे ही निराळी कृती आहे आणि तिचा अधिकार पासपोर्ट कायद्याच्या कलम १० खालच्या अधिकाऱ्याचाच. इतर कागदपत्रे रोखण्याचा कलम १०४ मधला न्यायालयाचा अधिकारसुद्धा पासपोर्टाला लागू नाही, कारण त्यासाठी खास कायदा आहे आणि खास कायदा सर्वसाधारण कायद्यावर मात करतो. ज्याचा पासपोर्ट रोखायचा त्याला आधी ऐकावे लागेल, हेही त्यात सांगितले. एका आठवड्यात पासपोर्ट परत द्या, हवे असल्यास पासपोर्ट अधिकाऱ्याकडे रीतसर जा, असा आदेश झाला. तपास यंत्रणेचा मार्ग बंद झाला नाही. तिने योग्य दार ठोठावावे, एवढेच सांगितले गेले.

या निकालानंतर प्रश्न मिटायला हवा होता. तो मिटला नाही, कारण पासपोर्ट ठेवून घेण्याची दुसरी वाट आधीपासून उघडी होती. सर्वोच्च न्यायालयानेच १९७०च्या दशकाच्या आरंभी, हजारीलाल गुप्ता यांच्या प्रकरणात, जामीन देताना पासपोर्ट जमा करण्याची अट घालता येते असे मान्य केले होते. जप्तीऐवजी अट आली की आदेश न्यायालयाचा होतो, आरोपीने तो जामिनाच्या आनंदात स्वीकारलेला असतो, आणि पुढे त्याची आठवण फक्त आरोपीला राहते. अशी अट म्हणजे रोखून ठेवणेच की काय, यावर उच्च न्यायालयांची मते जुळत नाहीत. मी त्या वादात फार शिरत नाही. अट कायदेशीर धरली तरी तिला मुदत का नसावी, हा माझा प्रश्न आहे. अटकेच्या दुसऱ्या दिवशी असलेली पळून जाण्याची भीती, दोषारोपपत्र दाखल होऊन, आरोपी प्रत्येक तारखेला हजर राहून पाच वर्षे लोटल्यावर तेवढीच कशी राहील?

परत मिळवण्याची रीत कशी असते तेही पाहायला हवे, कारण तत्त्वे वरच्या न्यायालयांत ठरतात पण अर्ज खालच्या न्यायालयात करावे लागतात. आरोपी अर्ज देतो, त्यावर सरकारी पक्षाचे म्हणणे मागवले जाते, वकिलांच्या भाषेत ‘से’ येतो, आणि आरोपी फरार होण्याची शक्यता नाकारता येत नाही, हे ठरलेले वाक्य त्यात असते. मग तिकिटाची प्रत, निमंत्रणपत्र, राहण्याचा पत्ता मागितला जातो. व्हिसा दाखवा म्हटले की पेच पडतो, कारण पासपोर्ट हाती नसताना दूतावास व्हिसा देत नाही आणि व्हिसा नसताना पासपोर्ट कशासाठी हवा असे विचारले जाते. परवानगी मिळालीच तर ठरावीक दिवसांपुरती, सुरक्षा ठेव भरून, आणि परत आल्यावर पासपोर्ट पुन्हा जमा. पुढच्या वेळी सगळे पहिल्यापासून. कंपनीच्या संचालकाला हे खर्चिक पण जमणारे असते. रत्नागिरी-रायगडातल्या बोटीवरच्या खलाशाला किंवा आखातात मजुरीला जाणाऱ्याला बोलावणे चार दिवसांची मुदत देऊन येते. त्याच्यासाठी पासपोर्ट हे पोट भरण्याचे साधन आहे, आणि ज्या गुन्ह्यात दोषी ठरला तरी कदाचित काही महिन्यांची शिक्षा होईल, त्या गुन्ह्याच्या खटल्यात तो दोषी ठरण्याआधीच वर्षानुवर्षांची कमाई गमावतो. निर्दोष सुटला तर ती कोणी भरून देत नाही.

दरम्यान पासपोर्टाची मुदत संपली असेल तर १९९३ची अधिसूचना मदतीला येते, आणि तिचे श्रेय द्यायलाच हवे. २५ ऑगस्ट १९९३ च्या या अधिसूचनेने खटला चालू असलेल्या नागरिकाला, न्यायालयाने देशाबाहेर जाण्याची परवानगी दिली असेल तर, पासपोर्ट मिळण्याची वाट करून दिली. आदेशात मुदत असेल तेवढ्या काळाचा, नसेल तर एक वर्षाचा. न्यायालयाने बोलावल्यास हजर राहीन, असे हमीपत्र आरोपीने द्यायचे. अडचण अशी झाली की न्यायालये परवानगी देतात आणि मुदत लिहायचे विसरतात, आणि आरोपी वर्षाच्या पासपोर्टावर दरवर्षी खेटे घालत बसतो. कित्येक देश सहा महिन्यांहून कमी मुदत उरलेल्या पासपोर्टावर प्रवेश देत नाहीत, म्हणजे एक वर्षाचा पासपोर्ट खरोखर उपयोगी पडतो तो सहा महिनेच. मुंबई उच्च न्यायालयाने मार्च २०१४ मध्ये यावर उपाय काढला: दंडाधिकाऱ्याने नियमांप्रमाणे नूतनीकरण करावे असे म्हटले असेल, तर १९८०च्या पासपोर्ट नियमांप्रमाणे पूर्ण दहा वर्षांचे नूतनीकरण करावे. परराष्ट्र मंत्रालयानेही ऑक्टोबर २०१९ मध्ये स्पष्ट केले की नुसती प्राथमिकी दाखल होणे म्हणजे न्यायालयात कारवाई प्रलंबित असणे नव्हे. न्यायालयाने गुन्ह्याची दखल घ्यावी लागते. ही दोन्ही पावले योग्य दिशेची आहेत. पण दोन्ही पासपोर्ट कार्यालयाच्या खिडकीबद्दल आहेत, मुद्देमाल कक्षाच्या कुलपाबद्दल नाहीत.

आता विरोधाचे मुद्दे. सर्वांत वजनदार मुद्दा भोपाळचा आहे. युनियन कार्बाइडचे अध्यक्ष वॉरेन अँडरसन यांना ७ डिसेंबर १९८४ रोजी अटक झाली, त्याच दिवशी जामीन मिळाला, ते देशाबाहेर गेले आणि २०१४ साली अमेरिकेत मरण पावले तोवर भोपाळच्या न्यायालयापुढे कधी उभे राहिले नाहीत. हजारो मृतांच्या नातेवाइकांसमोर आरोपीच्या प्रवासस्वातंत्र्याची बाजू मांडताना हे प्रकरण डोळ्यांआड करणे अप्रामाणिकपणाचे होईल. पण तिथे काय चुकले? कोणा न्यायालयाने धोका तोलला, सरकारचे म्हणणे ऐकले, अटी घातल्या आणि मग जाऊ दिले, असे घडले नाही. काही तासांत, कोणताही विचार लेखी न होता, त्यांना जाऊ दिले गेले. विचार न करता सोडणे आणि विचार न करता रोखून ठेवणे यांत दोष एकच आहे. विजय मल्ल्या मार्च २०१६ मध्ये गेले आणि त्यांचा पासपोर्ट एप्रिलमध्ये रद्द झाला. नीरव मोदी जानेवारी २०१८ च्या आरंभी, बँकेची तक्रार येण्याआधीच, देशाबाहेर होते. पासपोर्ट तातडीने चार आठवड्यांसाठी निलंबित करण्याचा अधिकार २००२ च्या दुरुस्तीनेच कायद्यात आला होता. साधन हातात असून ते वेळेवर वापरले गेले नाही, याचा राग ज्यांचा पासपोर्ट पोलिसांकडे आहे आणि जे दर तारखेला न्यायालयात येतात त्यांच्यावर का निघावा?

अटींसह परत दिलेले स्वातंत्र्य कितपत टिकते, याची अवघड परीक्षा केरळच्या किनाऱ्याजवळ दोन मच्छीमारांना गोळ्या घालून मारल्याचा आरोप असलेल्या इटालियन नौसैनिकांच्या प्रकरणात झाली. डिसेंबर २०१२ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने सहा कोटी रुपयांच्या हमीवर त्यांना नाताळासाठी घरी जाऊ दिले आणि ते मुदतीत परतले. फेब्रुवारी २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मतदानासाठी चार आठवडे दिले, तेव्हा मार्चमध्ये इटलीने ते परतणार नाहीत असे जाहीर केले. हमी राजदूतांची होती. न्यायालयाने राजदूतांनाच देश सोडण्यास मनाई केली, आणि २२ मार्चला दोघे दिल्लीत परतले. एका सार्वभौम राष्ट्राने शब्द फिरवला तरी न्यायालयाला लिहून दिलेली हमी अखेर उपयोगी पडली. घर, आईवडील, जमीनजुमला इथेच असलेल्या सामान्य नागरिकाच्या हमीपत्राला याहून कमी किंमत द्यायचे कारण काय?

दुसरा मुद्दा अधिक कळवळ्याचा आहे. लग्न करून परदेशी गेलेला नवरा पत्नीला टाकून देतो, ती तक्रार करते, आणि पासपोर्ट परत मिळाला की तो कायमचा दिसेनासा होतो, ही भीती महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत खरी आहे. सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०१७ मध्ये कौटुंबिक छळाच्या प्रकरणांत, परदेशी राहणाऱ्यांचे पासपोर्ट सरसकट रोखू नयेत असे म्हटले. त्या निकालातल्या कुटुंब कल्याण समित्या पुढच्या वर्षी दुसऱ्या पीठाने काढून टाकल्या, पण हा भाग राहिला. सरसकट रोखू नये म्हणजे कधीच रोखू नये, असे नाही. परत देण्याच्या अर्जावर त्या स्त्रीचे म्हणणे ऐकले जावे, पोटगीची थकबाकी आधी भरायला लावावी, जामीनदार इथला असावा. समन्सला तो दाद देत नसेल तर कलम १० मध्येच त्यासाठी उपाय आहे. कपाटात पडलेल्या पासपोर्टातून तिला एक रुपयाही मिळत नाही. मुदतीच्या, अटींच्या आदेशातून मिळू शकतो.

सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२० मध्ये ठाण्यातल्या एका फौजदारी प्रकरणात हाच तोल साधून दाखवला. आरोपी अनेक वर्षे अमेरिकेत राहणारा. ठरावीक काळात तिकडे परत गेला नाही तर तिथले वास्तव्याचे कार्ड धोक्यात येणार होते. मुंबई उच्च न्यायालयाने नकार दिला होता. न्या. धनंजय चंद्रचूड यांनी, मेनका गांधी प्रकरणातल्या चंद्रचूडांच्या चिरंजीवांनी, जामिनाची अट तिच्या हेतूच्या प्रमाणात असली पाहिजे असे सांगून हमीपत्रावर आठ आठवडे जाऊ दिले. आणि एप्रिल २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्या. गौतम पटेल व न्या. माधव जामदार यांच्या खंडपीठाने सार्वजनिक बँकांच्या प्रमुखांना कर्जदारांविरुद्ध लुकआउट नोटीस मागवण्याचा दिलेला अधिकार रद्द केला. कारण तेच, सुब्बा रावांनी सत्तावन्न वर्षांपूर्वी दिलेले: कार्यालयीन ज्ञापनाने मूलभूत हक्क हिरावता येत नाही, कायदा लागतो. पासपोर्ट हाती देऊन विमानतळावर अडवायचे, ही नवी वाटही याच कसोटीवर तपासली जाईल, हे या निकालाने स्पष्ट केले.

राहिला किती दिवसांचा प्रश्न. त्याचे उत्तर शोधायला पासपोर्ट कायदा चाळायची गरज नाही, ते मुद्देमालाच्याच कायद्यात आहे. पोलीस ठाण्यांच्या आवारात गंजणाऱ्या गाड्यांबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली, गुजरातच्या सुंदरभाई देसाई प्रकरणात, खडसावून सांगितले की छायाचित्रे घ्या, पंचनामा करा, बंधपत्र लिहून घ्या आणि गाडी मालकाला देऊन टाका. त्यामुळे आज जप्त मोटारसायकल सुपूर्तनाम्यावर परत मिळवणे ही रोजची गोष्ट झाली आहे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ ने त्याला मुदत जोडली: जप्त वस्तू न्यायालयापुढे आली की चौदा दिवसांत तिची नोंद व छायाचित्रे, आणि नोंद झाल्यापासून तीस दिवसांत ती कोणाला द्यायची याचा आदेश. झडतीत सापडलेला पासपोर्ट या कलमाच्या शब्दांत सहज बसतो. त्याच्या पानांवरचे शिक्के पुराव्याला लागणार असतील तर छायाचित्रे व साक्षांकित प्रत पुरे. पळून जाण्याची भीती असेल तर सरकारी पक्षाने त्या तीस दिवसांत पासपोर्ट अधिकाऱ्याकडून कलम १० खालचा आदेश आणावा. तो आला नाही तर एकतिसाव्या दिवशी पासपोर्ट धारकाला द्यावा. जामिनाची अट म्हणून जमा झालेल्या पासपोर्टालाही हाच हिशेब लावता येईल: अट घालतानाच न्यायाधीशांनी ती कोणत्या तारखेला पुन्हा तपासली जाईल ते आदेशात लिहावे, आणि त्या तारखेला ती चालू ठेवण्याचे कारण सरकारी पक्षाने दाखवावे. आरोपीला परत देण्याचे कारण दाखवायला लावू नये. यासाठी नवा कायदा लागत नाही. दंडाधिकाऱ्यांच्या छापील आदेशात एक ओळ वाढवावी लागेल.